वीस वर्षांपूर्वीच्या पावसात भावाला घरी कोणी आणलं?

पत्र:

मावशी नमस्कार, उत्तर देताना मला अगं-तुगंच करा. मी ३४ वर्षांची, ठाण्याला राहते, धाकटा भाऊ २७ चा, पुण्यात आयटीत आहे. २००५ च्या २६ जुलैला आम्ही कुर्ल्याला नेहरूनगरला राहायचो, पहिल्या मजल्यावर. माझी सकाळची शाळा, त्याची दुपारची. पाणी भरायला लागलं तशी मी त्याला आणायला गेले आणि छातीएवढ्या पाण्यातून खांद्यावर बसवून घरी आणलं. त्याचा निळा रेनकोट, पोरांनी रस्त्यात बांधलेला दोर, सगळं अजून डोळ्यासमोर आहे. आई तेव्हा तळमजल्यावरच्या आजींना वर आणण्यात अडकलेली. बाबा दादरला अडकले ते दुसऱ्या दिवशी सकाळी चालत आले. रात्रभर आम्ही टीव्हीवर बातम्या बघत त्यांची वाट बघत होतो, बसच्या टपावर बसलेली माणसं मला अजून दिसतात. पुढे बाबा प्रत्येक लग्नाकार्यात हा किस्सा सांगायचे, माझी पोरगी वाघीण आहे म्हणून. दोन वर्षांपूर्वी बाबा गेले.

यंदा २० वर्षं झाली म्हणून मी फॅमिली ग्रुपवर ते लिहिलं, तर भावाने सगळ्यांसमोर टाकलं की ताई, मला खालच्या काकांनी आणलं, लाइट गेले होते आणि तू घरी खिडकीत मेणबत्ती घेऊन उभी होतीस. वर म्हणतो, तू टीव्हीवर बघून बघून स्वतःची स्टोरी केलीयेस. लाइट दुपारीच गेले होते हे मलाही माहितीये, पण म्हणून मी घरीच होते असं कसं? मी त्याला नको नको ते बोलले, ‘तुझी फी भरली तेही विसर आता’ हेसुद्धा बोलले. राखीला तो आलाच नाही. आई कधी म्हणते तूच आणलंस, कधी म्हणते काकांनी. त्याला कबूल कसं करायला लावू? आणि हल्ली मी विसरते पण खूप, गॅस बंद केला का, फोन कुठे ठेवला. माझं डोकंच तर बिघडत नाहीये ना?
– एक ताई, ठाणे

उत्तर:

अगं, तुझ्या मुख्य प्रश्नाचं उत्तर आधी देते, मग बाकीचं बोलू. त्याला कबूल करायला लावायच्या भानगडीत पडू नकोस. तू खोटं बोलत नाहीयेस, तो पण खोटं बोलत नाहीये, आणि तुम्ही दोघंही जे शपथेवर सांगाल ते त्या दिवशी तसंच्या तसं घडलं असेल याची खात्री मला नाही आणि मी नुसतं पत्र वाचून ती देऊही शकत नाही.

तुझं पत्र मी परत परत वाचलं आणि एका जागी अडकले. तू लिहिलंयस की रात्रभर टीव्हीवर बातम्या बघत बसलो होतो. आणि थोडं खाली तूच लिहिलंयस की लाइट दुपारीच गेले होते. मग टीव्ही कसा लागला? म्हणजे ती बसच्या टपावरची माणसं तू त्या रात्री बघितलेली असणं कठीण आहे, ती तू नंतर कधीतरी बघितलीस, लाइट आल्यावर, दोन-चार दिवसांनी, किंवा पुढच्या वर्षी, किंवा दर २६ जुलैला जे व्हिडिओ फिरतात त्यात. पण तुझ्या आठवणीत ती त्याच रात्री आहेत, त्याच खोलीत, बाबांची वाट बघताना. हे मी तुला पकडायला म्हणून सांगत नाहीये गं, एवढी एक गोष्ट तुझ्याच पत्रात तपासता आली म्हणून सांगतेय. आणि यावरून भाऊ म्हणतो ते सगळं बरोबर ठरतं असंही अजिबात नाही. टीव्हीचं चित्र चुकीच्या रात्री जाऊन बसलं म्हणजे खांद्यावरचा भाऊही टीव्हीतूनच आला असं होत नाही.

होतं काय, की आपण काय बघितलं ते डोक्यात राहतं, पण कुठे बघितलं, कधी बघितलं, स्वतःच्या डोळ्यांनी का कोणी सांगितलं म्हणून, ही चिठ्ठी आधी गळून पडते. आणि २६ जुलैसारख्या दिवसाचं तर विचारूच नको, त्याची इतकी चित्रं आपण बघितली आहेत, मिठी नदी, बंद पडलेल्या लोकल, ट्रॅकवरून चालणारी माणसं, छातीएवढ्या पाण्यात दोर धरून जाणारी माणसं. तेव्हा मुंबईत असलेल्या कुठल्याही माणसाला आता विचारलं तर त्याचं स्वतःचं किती आणि बाहेरून आलेलं किती हे त्याला वेगळं काढून दाखवता येणार नाही.

तू म्हणशील, पण मावशी मला स्पष्ट दिसतं ना, निळा रेनकोट दिसतो. दिसत असेल. पण स्पष्ट दिसणं हा पुरावा धरता येत नाही, आणि हे मी मनाचं सांगत नाहीये. २८ जानेवारी १९८६ ला अमेरिकेत चॅलेंजर नावाचं अंतराळयान उडाल्यावर थोड्याच वेळात फुटलं, आतले सातही जण गेले. तिथल्या अटलांटातल्या एमरी विद्यापीठात उलरिक नायसर नावाचे मानसशास्त्रज्ञ होते, त्यांनी दुसऱ्याच दिवशी सकाळी विद्यार्थ्यांकडून लिहून घेतलं की तुला ही बातमी कुठे कळली, कोणी सांगितली, तेव्हा तू काय करत होतास. कागद ठेवून दिले. अडीच-तीन वर्षांनी त्यातल्या ४४ जणांना तेच प्रश्न परत विचारले. तर ४४ मधल्या ११ जणांचं म्हणजे पाव लोकांचं एकही महत्त्वाचं उत्तर जुन्या कागदाशी जुळलं नाही, शून्य मार्क! पुष्कळ जणांना ठामपणे वाटत होतं की आपण टीव्हीवर बघितलं, आणि त्यांच्याच कागदावर लिहिलेलं होतं की कोणीतरी येऊन सांगितलं. खात्री किती आहे विचारलं तर ती भरपूर होती, चुकलेल्यांनासुद्धा. शेवटी त्यांना त्यांच्याच हस्ताक्षरातले कागद दाखवले, तरी मूळ आठवण काही परत आली नाही. ती गेली ती गेलीच, तिच्या जागी नवी बसली आणि तीच खरी वाटत राहिली. आणि ही अडीच-तीन वर्षांची गोष्ट, तुमच्या भांडणाला वीस वर्षं झालीयेत.

आता हे वाचून स्क्रीनशॉट काढून भावाला पाठवू नकोस आणि हे वाचून रडतही बसू नकोस, कारण जे तुला लागू आहे ते त्याला दुप्पट लागू आहे. तो ७ वर्षांचा होता! सात वर्षांच्या पोराला आठवत नाही असं मी म्हणत नाही, चांगलं आठवतं, पण त्या वयाची आठवण पुढे घरातल्या बोलण्यावर फार जगते, कोण काय म्हणालं, कोणी कुठला किस्सा पुन्हा पुन्हा सांगितला. त्याची मेणबत्ती तुझ्या रेनकोटाइतकीच खरी वाटणारी आणि तितकीच कच्ची आहे. भावंडांमध्ये तर हे इतकं होतं की त्यावर वेगळा अभ्यास झालाय. न्यूझीलंडमध्ये जुळ्या भावंडांना लहानपणच्या आठवणी सांगायला लावल्या तेव्हा काही आठवणींवर दोघंही हक्क सांगायला लागले, हे माझ्यासोबत झालं, नाही ते माझ्यासोबत झालं. जुळे नसलेल्या भावंडांतही ते सापडलं. २००१ मध्ये ते छापून आलं. एकच घर, एकच वय, एकच गोष्ट शंभरदा ऐकलेली, मग कोणाच्या अंगावर ती घडली हे कळायला मार्गच उरत नाही.

आणि आता बाबांबद्दल. हे लिहिताना मी जरा थांबले, कारण ते गेले आहेत आणि हा किस्सा तुझ्याकडे त्यांची ठेव म्हणून आहे हे मला कळतंय. पण बघ ना, हा किस्सा सगळ्यात जास्त कोणी सांगितला? बाबांनी. आणि बाबा त्या संध्याकाळी कुठे होते? दादरला. त्यांनी यातलं काहीही स्वतः बघितलेलं नव्हतं. सकाळी ते थकून, चिखलातून घरी पोचले असणार, दोन्ही पोरं धडधाकट दिसली असणार आणि मग आईने, तू, काकांनी, सगळ्यांनी एकदम बोलून त्यांना जे सांगितलं त्यातून त्यांनी आपली एक गोष्ट जुळवली. ती गोष्ट चांगली होती, पोरीचं कौतुक होतं, ऐकणाऱ्यांना आवडायची, म्हणून ती टिकली. काकांनी आणलं असतं तर लग्नात बसून कोणाला सांगणार होते? घराघरात असंच होतं, जो रंगवून सांगतो त्याची गोष्ट उरते आणि जे खरंच तिथे होते ते हळूहळू त्याच्याच शब्दांत आठवायला लागतात. तू स्वतः पाण्यात असशीलही, पण आज तुझ्या डोळ्यासमोर जे उभं राहतं त्यात बाबांच्या सांगण्याचा वाटा किती हे तुला आता कळणार नाही. आठवण ही दरवेळी नव्याने करायच्या आमटीसारखी असते, प्रत्येक वेळी घरात असेल ते पडतं आणि तरी आपल्याला वाटतं की तीच नेहमीची चव आहे.

मला तिसरी शक्यताही दिसते, ती तुम्ही दोघांनी भांडणाच्या भरात बघितलीच नाहीत. शाळेपासून गल्लीच्या तोंडापर्यंत तू आणलं असशील आणि पुढे पाणी जास्त म्हणून काकांनी त्याला उचललं असेल, तू पुढे पळत घरी जाऊन दिवा-मेणबत्ती बघत असशील. किंवा तो दोनदा उचलला गेला असेल, एकदा २६ ला आणि एकदा दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी, पाणी काही एका रात्रीत ओसरलं नव्हतं सगळीकडे. वीस वर्षांत दोन फेऱ्यांची एक फेरी होते आणि मग ती फेरी कोणाची यावर भांडण. हे असंच झालं असं मी म्हणत नाही, पण ‘मी किंवा काका’ एवढे दोनच पर्याय आहेत असं धरून चालू नकोस. त्या दिवशीचा पाऊस किती झाला यावर कोणी भांडत नाही, सांताक्रूझला २४ तासांत ९४४ मिलिमीटर आणि त्याच मुंबईत कुलाब्याला जेमतेम ७३, कारण ते कोणीतरी मोजून लिहून ठेवलं. नाहीतर कुलाब्याच्या माणसाने आज म्हटलं असतं की उपनगरवाले उगाच वाढवून सांगतात, आणि त्याची आठवण त्याच्या जागी बरोबरच असती. तुमच्या गल्लीत कोणी काही लिहून ठेवलं नाही.

आता मला जे सगळ्यात महत्त्वाचं वाटतं ते. तू इतकी का चिडलीस? मला वाटतं भाऊ ‘काकांनी आणलं’ म्हणाला तेव्हा तुला ऐकू आलं की ‘तू माझ्यासाठी काही केलं नाहीस’. म्हणूनच तू लगेच फीवर गेलीस ना, पुराचा आणि फीचा काय संबंध? पण त्याने तसं म्हटलेलं नाही. त्याचं वाक्य परत वाच, तूच मला लिहून पाठवलंयस. तो म्हणतो, तू खिडकीत मेणबत्ती घेऊन उभी होतीस. सात वर्षांचं पोर, अंधार, पाणी, आई दिसत नाही, बाबा नाहीत, आणि घराकडे येताना त्याला कोण दिसलं? तू. वीस वर्षं त्याने त्या दिवसातलं जे धरून ठेवलंय त्यात तू आहेस. खांद्यावर घेतलं असो नाहीतर नसो, त्या रात्री त्या घरात त्याला सांभाळणारी तूच होतीस हे दोघांच्याही गोष्टीत सारखंच आहे. आणि फी तर बँकेतून गेलीये, ती काही कोणाच्या आठवणीवर अवलंबून नाहीये, तिचा हिशोब ग्रुपवर काढायला नको होता. त्याचंही चुकलं, स्टोरी केलीस हे सगळ्यांसमोर बोलायला नको होतं, ते लागणारच. पण तू मोठी आहेस आणि पत्र तू लिहिलंयस, म्हणून सांगतेय तुला.

फोन कर. मेसेज नको, ग्रुपवर तर नकोच, भाऊबीज येईल तेव्हा बघू असंही नको. आणि फोनवर पुराचा विषय पहिला काढू नकोस. म्हण, फीचं मी बोलले ते चुकलं, ते मनातून काढून टाक. एवढंच. तो गप्प बसला तरी चालेल. तो निवळला की मग कधीतरी त्याला सांग की ऐक, आपण दोघं आपापलं लिहून काढू या, एकमेकांना न विचारता, त्या दिवशी सकाळपासून दुसऱ्या दिवशी बाबा येईपर्यंत जे जे आठवतं ते, आणि जिथे खात्री नाही तिथे खात्री नाही असं लिहू. मग एकत्र बसून वाचा. माझी खात्री आहे की त्याच्या कागदात तुला माहीत नसलेल्या दोन-तीन गोष्टी निघतील आणि तुझ्या कागदात त्याला, आणि ते वाचताना कोण जिंकलं हे विचारायचं तुम्हालाच सुचणार नाही.

काका असतील तर त्यांनाही विचार, पण विचारताना फार जपून. ‘काका, माझ्या भावाला तुम्हीच आणलं होतं का मी?’ असं विचारलंस की संपलं, मग ते जे सांगतील ते तुझ्या प्रश्नातूनच निघेल. प्रश्न कसा विचारला यावर उत्तर किती बदलतं याचं एक प्रसिद्ध उदाहरण आहे, १९७४ चं, एलिझाबेथ लॉफ्टस आणि जॉन पामर यांचं. लोकांना गाड्यांच्या अपघाताच्या फिल्म दाखवल्या आणि विचारलं, गाड्या केवढ्या वेगात होत्या? काहींना विचारताना ‘एकमेकींवर जोरात आदळल्या तेव्हा’ असं म्हटलं, काहींना ‘एकमेकींना लागल्या तेव्हा’. पहिल्यांनी सरासरी ताशी ४१ मैलांच्या आसपास सांगितलं, दुसऱ्यांनी ३२ च्या आसपास. बघितलेलं सारखंच होतं, फक्त विचारणाऱ्याचा एक शब्द वेगळा. अशाच दुसऱ्या प्रयोगात आठवड्याने विचारलं की फुटलेली काच दिसली का, तेव्हा ‘आदळल्या’ ऐकलेल्यांमध्ये हो म्हणणारे बाकीच्यांपेक्षा जास्त निघाले, आणि काच फुटलेली नव्हतीच. म्हणून काकांना एवढंच विचार की त्या दिवशी तुम्ही काय काय केलंत, आणि मग मध्ये बोलू नकोस. त्यांना आठवत नसेल तर आठवत नाही, ढकलू नकोस.

आई कधी हे कधी ते म्हणते याचं कारणही तुला आता कळलं असेल. तिच्यासमोर तू असलीस की ती तुझं म्हणते आणि तो असला की त्याचं, बिचारीला दोन्ही पोरं हवीयेत. आणि तिने ते बघितलेलंच नाही, ती आजींजवळ होती. तिला या निकालातून मोकळं कर.

राहता राहिलं तुझं विसरणं. गॅस आणि फोनबद्दल एवढं घाबरू नकोस. फोन ठेवताना आपलं लक्षच नसतं, डोक्यात डबा, ट्रेन, ऑफिसचा कॉल असतो, मग ते डोक्यात शिरतच नाही तर आठवणार कुठून. आणि विसरणं म्हणशील तर हर्मन एबिंगहाऊस नावाच्या जर्मन माणसाने १८८५ मध्येच स्वतःवर प्रयोग करून दाखवलं होतं की नुसती निरर्थक अक्षरं पाठ केली तर तासाभरात अर्ध्याहून जास्त निसटतात, आणि तो तर चांगला शिकलेला, चिकाटीने पाठ करणारा माणूस होता. तरी डॉक्टरकडे जाऊन ये, हे मी अगदी मनापासून सांगतेय. वडील जाऊन दोनच वर्षं झालीत, भावाशी अबोला आहे, झोप होत नसणार, आणि दुःखात, टेन्शनमध्ये, झोप कमी असली की विसरायला होतंच. रक्तात बी-१२ कमी असणं, थायरॉईड, ही पण कारणं असतात आणि ती साध्या तपासणीत कळतात, उपचारही आहेत. शाकाहारी असशील तर बी-१२ नक्की बघून घे. काळजी कधी करायची, तर रोजच्या ओळखीच्या रस्त्यावर चुकायला झालं, तोच प्रश्न थोड्या वेळाने परत परत विचारला जातोय, नेहमीचे पैशाचे व्यवहार जमेनासे झाले, किंवा तुझ्या आधी घरच्यांच्याच हे लक्षात यायला लागलं तर. तुझ्या पत्रात यातलं काही मला दिसलं नाही. वीस वर्षांपूर्वीच्या एका संध्याकाळीबद्दल भावाशी मतभेद होणं हे यात अजिबात मोडत नाही, ते तर निरोगी डोक्याचंही होतं.

आणि एक काम या रविवारीच कर, फोनच्याही आधी केलंस तरी चालेल. आईजवळ बस, मोबाईलचं रेकॉर्डिंग तिला सांगून चालू कर, आणि तिला विचार की त्या दिवशी तुझं काय काय झालं. तुमचं नाही, तिचं. खालच्या आजींना तिने वर कसं आणलं, कोण मदतीला आलं, रात्री काय खाल्लं, बाबा आले तेव्हा ती काय बोलली. तुझ्या एवढ्या मोठ्या पत्रात आईच्या त्या दिवसाबद्दल एकच ओळ आहे, आणि बाबांच्या किश्शातही ती नव्हती असं दिसतंय. ती फाईल भावालाही पाठव. काय झालं ते मला कळव.